मानीव दिनांक

महाराष्ट्रातल्या एखाद्या मोठ्या सरकारी कचेरीत ३१ मेच्या संध्याकाळी डोकावून पाहा. शाल, श्रीफळ, पेढ्यांचे खोके, आणि समोर ओळीने मांडलेल्या तीनचार खुर्च्या. निरोप समारंभ एकट्यादुकट्याचा नसतो, चौघापाचांचा मिळून असतो. त्याचं कारण सरकारात नाही, जुन्या प्राथमिक शाळांच्या रजिस्टरात आहे. पोर नक्की कधी जन्मलं हे आईबापांना सांगता यायचं नाही, शाळा जूनमध्ये उघडायची, आणि गुरुजी अंदाजाने साल धरून पुढे १ जून लिहून टाकायचे. सेवानियम असा, की ज्याचा जन्म महिन्याच्या एक तारखेचा, तो आधीच्या महिन्याच्या अखेरच्या दिवशी निवृत्त. गुरुजींनी टाकलेली ती तारीख अठ्ठावन्न वर्षांनी ३१ मेला अशी एकगठ्ठा वसूल होते.

गंमत म्हणून हे ठीक आहे. पण बढती आणि पेन्शन यांवरून सरकारी नोकरांनी लढवलेल्या खटल्यांचे निकाल वाचत गेलं की एक गोष्ट डोळ्यांत भरते. पैशाचा आकडा, साहेबाचा आकस, शासनाचं धोरण हे सगळं असतंच. पण निकाल ज्या खिळ्यावर टांगलेला असतो तो खिळा बहुधा एखादी तारीख असते. दोषारोपपत्र कोणत्या दिवशी हातात पडलं, पदोन्नतीचा आदेश कोणत्या दिवशी निघाला, शासन निर्णय कोणत्या दिवसापासून लागू. मराठी कार्यालयीन भाषेने तर यासाठी एक खास शब्दच घडवला आहे : मानीव दिनांक. म्हणजे घडली नाही, पण घडली असं मानायची तारीख. माणूस बढतीच्या खुर्चीवर बसला २०१५ साली. पण त्याचा हक्क २०११ चा होता, सबब तो २०११ पासूनच बसला असं समजायचं. या एका शब्दासाठी महाराष्ट्रात किती अर्ज, किती स्मरणपत्रं आणि न्यायाधिकरणात किती मूळ अर्ज दाखल झाले असतील याची मोजदाद करणं कठीण.

बढती हा हक्क आहे का? याचं उत्तर बहुतेकांना आवडत नाही. बढती मिळणं हा हक्क नाही. बढतीसाठी आपला विचार होणं हा मात्र हक्क आहे, आणि तो साधासुधा नाही, संविधानाच्या १६ व्या अनुच्छेदातून आलेला मूलभूत हक्क आहे. सर्वोच्च न्यायालयाने १९९९ च्या अजितसिंग खटल्यात हे नि:संदिग्धपणे सांगितलं. म्हणजे विभागीय पदोन्नती समितीच्या टेबलावर तुमचं नाव यायलाच हवं, नियमाप्रमाणे तपासलं जायलाच हवं. तपासून समितीने तुम्हाला अपात्र ठरवलं, तर न्यायालय त्या समितीच्या खुर्चीत स्वतः जाऊन बसत नाही. न्यायालय एवढंच पाहतं की विचार झाला का, आणि सरळ झाला का.

हा विचार व्हायचा तर आधी ज्येष्ठतासूची लागते. दरवर्षी १ जानेवारीच्या स्थितीवर ती करायची, आधी तात्पुरती प्रसिद्ध करायची, हरकती मागवायच्या, मग अंतिम करायची, असा शिरस्ता. काही कार्यालयांत ती वर्षानुवर्षं 'तात्पुरती'च राहते. सरळसेवेने आलेले आणि बढतीने आलेले यांच्यात कोण वर कोण खाली हा वाद तर पिढीजात. त्यावर बिंदुनामावलीचा हिशेब, म्हणजे आरक्षणाप्रमाणे कोणत्या क्रमांकाचं पद कोणत्या प्रवर्गाचं ते. पदोन्नतीतल्या आरक्षणाचा महाराष्ट्रातला २५ मे २००४ चा शासन निर्णय मुंबई उच्च न्यायालयाने ऑगस्ट २०१७ मध्ये रद्द ठरवला, आणि त्यानंतरच्या वर्षांत किती तरी निवडसूच्या 'न्यायालयीन निर्णयाच्या अधीन राहून' या शेपटासह निघाल्या. तो स्वतंत्र लेखाचा विषय आहे. इथे फक्त नोंद.

समिती पुढे बघते ते गोपनीय अहवाल. 'सीआर' या दोन अक्षरांनी सरकारी नोकराच्या पाठीतून जी थंडी जाते ती बाहेरच्या माणसाला कळायची नाही. पूर्वी हे अहवाल खरोखरच गोपनीय असत. शेरा अगदी प्रतिकूल असला तरच कळवायचा, बाकीचा कळवायचा नाही. आता यातली मेख पाहा. महाराष्ट्रातल्या प्रतवारीत 'ब+' म्हणजे 'निश्चित चांगला' आणि 'ब' म्हणजे नुसता 'चांगला'. 'चांगला' म्हणणं काही प्रतिकूल शेरा नव्हे, तेव्हा कळवायचं कशाला? पण बढतीची किमान पातळी 'निश्चित चांगला' असेल, तर तोच 'चांगला' गळ्याला फास होतो, आणि ज्याच्या गळ्याला तो लागला त्याला पत्ताही नसतो.

नेमकं हेच सीमा रस्ते अभियांत्रिकी सेवेतल्या एका कार्यकारी अभियंत्याच्या बाबतीत घडलं. अधीक्षक अभियंता व्हायला मागच्या पाच वर्षांचे अहवाल 'फार चांगला' असायला हवे होते. त्याचे चार वर्षांचे तसेच होते; १९९३-९४ सालचा तेवढा 'चांगला'. तो त्याला कधी सांगितलाच नाही, आणि त्या एका शब्दापायी बढती हुकली. गुवाहाटी उच्च न्यायालयात हरून प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेलं. २००८ मध्ये देव दत्त विरुद्ध भारत सरकार या निकालात न्यायालयाने सांगितलं की शेरा बरा असो की वाईट, प्रत्येक शेरा कर्मचाऱ्याला कळवलाच पाहिजे आणि त्यावर म्हणणं मांडायची संधी दिली पाहिजे. तोवर अभियंता निवृत्त झाला होता. म्हणून न्यायालयाने व्यवस्था केली ती अशी : शेरा आता कळवा, त्याचं निवेदन घ्या, प्रतवारी सुधारली तर मागच्या तारखेने बढतीचा विचार करा, आणि ती मिळाली तर फरकावर आठ टक्के व्याज द्या. २०१३ मध्ये तीन न्यायमूर्तींच्या पीठाने सुखदेव सिंग खटल्यात यावर शिक्कामोर्तब केलं. आज महाराष्ट्रात 'महापार' या संगणकप्रणालीतून अधिकाऱ्याला आपला अहवाल पडद्यावर दिसतो, त्यामागे या मतपरिवर्तनाचा मोठा हात आहे. पडद्यावर दिसतो, म्हणून तो वेळेवर लिहिला जातोच असं मात्र नाही.

दुसरा प्रकार मोहोरबंद पाकिटाचा. कर्मचाऱ्यावर विभागीय चौकशी चालू असेल तर समिती त्याचा विचार करते, पण निष्कर्ष पाकिटात घालून लाखेची मोहोर लावते. चौकशीतून तो निर्दोष सुटला तर पाकीट फोडायचं. कल्पना वाईट नाही. वाईट असतो तिचा वापर. तक्रार आली, 'प्राथमिक चौकशी प्रस्तावित' असा शेरा फाइलवर पडला, की लगेच पाकीट. तक्रार निनावी असली तरी. यावर १९९१ च्या जानकीरामन निकालाने रेघ ओढली. दोषारोपपत्र बजावल्यावर, किंवा फौजदारी प्रकरण असेल तर न्यायालयात आरोपपत्र गेल्यावरच पाकीट वापरता येईल. नुसत्या प्रस्तावित चौकशीवर नाही. आणि माणूस पूर्ण निर्दोष सुटला, तर कनिष्ठाला ज्या तारखेला बढती मिळाली त्या तारखेपासून त्याला बढती. पगाराचं काय? सरकारचं नेहमीचं उत्तर तयार होतं : काम नाही तर दाम नाही. न्यायालय म्हणालं, तो काम करायला तयार होता, तुम्हीच त्याला करू दिलं नाहीत. तेव्हा ही म्हण सरसकट त्याच्यावर चालवता येणार नाही. मात्र चौकशी त्यानेच लांबवली असेल, किंवा संशयाचा फायदा मिळून सुटला असेल, तर फरक द्यायचा की नाही हे प्रशासन कारणं नोंदवून ठरवू शकतं. ही फट वकिलांच्या फार उपयोगी पडते, दोन्ही बाजूंच्या.

पाकीट किती दिवस बंद ठेवायचं? चौकशी अधिकारी बदलत राहतात, सादरकर्ता अधिकारी नेमायचा राहतो, साक्षीदार निवृत्त होऊन गावी जातात. महाराष्ट्र शासनाच्या १५ डिसेंबर २०१७ च्या निर्णयाप्रमाणे अशा प्रकरणांचा ठरावीक काळाने आढावा घ्यायचा आणि दोन वर्षं उलटूनही चौकशी संपत नसेल तर तदर्थ पदोन्नती देता येईल का ते तपासायचं. कागदावर उत्तम सोय. पण ती मागावी लागते. आपणहून कोणी फाइल वर काढत नाही.

आता मानीव दिनांकाकडे येऊ. समजा, एका कार्यालयातल्या वरिष्ठ लिपिकाला डावलून त्याच्या खालच्या माणसाला बढती दिली. भांडून भांडून चार वर्षांनी चूक मान्य झाली. त्याला कनिष्ठाच्या तारखेचा मानीव दिनांक मिळतो, ज्येष्ठतेत तो आपल्या जागी येतो, आणि मधल्या वर्षांची वेतननिश्चिती काल्पनिक होते. म्हणजे वेतनवाढी कागदावर जमा होतात आणि रोख पैसे प्रत्यक्ष पदभार घेतल्यापासून. चार वर्षांचा फरक मागायला गेला की पुन्हा 'काम नाही तर दाम नाही'. तरीही काल्पनिक वेतनवाढ फुकाची नसते. पेन्शन शेवटच्या वेतनावर ठरते, ग्रॅच्युइटी शेवटच्या वेतनावर ठरते, शिल्लक रजेचं रोखीकरण त्याच दराने होतं. पन्नाशीत हुकलेली बढती माणूस मरेपर्यंत, आणि त्याच्यामागे कुटुंबनिवृत्तिवेतनात, दर महिन्याला थोडी थोडी हुकत राहते. सेवेतल्या वादाला पेन्शनीचं शेपूट असतं ते असं.

मग निवृत्त झालेल्याला मानीव दिनांक मिळतो का? मिळतो आणि मिळत नाही. जिथे चूक झाली, कनिष्ठ पुढे गेला, शेरा दडवला, तिथे मिळू शकतो. देव दत्त प्रकरणात ती वाट मोकळी होती. पण जिथे नुसता उशीर झाला, तिथे? २०२४ च्या नोव्हेंबरात सर्वोच्च न्यायालयाने पश्चिम बंगाल शासन विरुद्ध डॉ. अमल सत्पथी हे प्रकरण निकाली काढलं. प्रधान वैज्ञानिक अधिकारी पदावरचे हे गृहस्थ ३१ डिसेंबर २०१६ ला निवृत्त व्हायचे होते. वरच्या पदासाठी लोकसेवा आयोगाने त्यांची शिफारस केली २९ डिसेंबरला. अंतिम मंजुरी आली ४ जानेवारी २०१७ ला. चार दिवस उशिरा. तिथल्या न्यायाधिकरणाने आणि कलकत्ता उच्च न्यायालयाने त्यांना निदान काल्पनिक आर्थिक लाभ द्या म्हटलं होतं, कारण विलंब त्यांच्यामुळे झाला नव्हता. सर्वोच्च न्यायालयाने ते उलटवलं. बढती ती स्वीकारून पदभार घेतल्यावर लागू होते, जागा रिकामी झाल्याच्या किंवा शिफारस झाल्याच्या दिवसापासून नाही. आणि निवृत्त माणूस पदभार घेऊ शकत नाही.

कायदा म्हणून हे सुसंगत आहे. नाही तर जागा रिकामी झाली त्या दिवसापासून बढती मागणाऱ्यांची रांग मंत्रालयाला वळसा घालील. पण या सुसंगतीत एक गोष्ट सुटते असं मला वाटतं : फाइल चार दिवस कुठल्या टेबलावर थांबली हे ठरवणं सरकारच्या हातात असतं, आणि त्या थांबण्याची किंमत सरकारला काहीच पडत नाही. चूक केली तर मानीव दिनांक द्यावा लागतो, नुसता उशीर केला तर नाही. मग उशीर करणंच सोयीचं नव्हे का?

बढती नाकारणारेही असतात, हे मध्येच सांगायला हवं. विदर्भातल्या माणसाला बढतीवर कोकण विभाग मिळाला, घरी म्हातारे आईवडील, मुलगी बारावीला. तो लिहून देतो, 'मला पदोन्नती नको'. त्याचे परिणाम त्याला पुढे कळतात. बढतीची संधी न मिळणाऱ्यांसाठी शासनाने १९९४ पासून कालबद्ध पदोन्नती आणली, तिची पुढे सेवांतर्गत आश्वासित प्रगती योजना झाली, आणि सातव्या वेतन आयोगानंतर १०, २० आणि ३० वर्षांच्या टप्प्यांवर वरची वेतनश्रेणी मिळू लागली. पण ती न मिळालेल्या बढतीची भरपाई आहे, नाकारलेल्या बढतीची नव्हे. नकाराचं ते पत्र या लाभाच्या आड येतं, आणि मग तिथून नवा खटला.

निवृत्तीच्या वाटेवर आणखी एक नाकं लागतं, वेतन पडताळणी पथक. सेवापुस्तक या पथकाकडे जातं आणि पथक प्रत्येक वेतन आयोगातली वेतननिश्चिती पुन्हा मोजतं. तिथे कुणाला तरी दिसतं की १९९८ साली एक वेतनवाढ चुकून जास्त लागली. चूक कार्यालयाची. ती शोधली वीस वर्षांनी, निवृत्तीला दोन महिने उरले असताना. वसुली किती? दोन-तीन लाख. कुठून? ग्रॅच्युइटीतून. शिपायापासून अव्वल कारकुनापर्यंत किती तरी जणांनी हा अनुभव घेतला आहे. बरं, तो माणूस काही जास्त पगार लपवून घेत नव्हता. वेतननिश्चिती त्याने केलेलीच नव्हती.

पंजाबातल्या अशाच एका प्रकरणात, रफीक मसीह खटल्यात, १८ डिसेंबर २०१४ ला सर्वोच्च न्यायालयाने वसुली कुठे करता येणार नाही ते सांगितलं. गट क आणि गट ड चे कर्मचारी; निवृत्त झालेले किंवा वर्षभरात निवृत्त होणारे; जास्तीचं प्रदान वसुलीच्या आदेशाआधी पाच वर्षांहून अधिक काळ चाललेलं; चुकीने का होईना वरच्या पदाचं काम करून घेऊन त्याचा पगार दिलेला; आणि वसुली अन्यायाची ठरेल अशी इतर प्रकरणं. लक्षात घ्या, कर्मचाऱ्याने खोटं सांगून पैसे लाटले असतील तर हे संरक्षण नाही. आणि चुकीची वेतननिश्चिती पुढच्या काळासाठी दुरुस्त करायलाही आडकाठी नाही. पेन्शन योग्य वेतनावरच बसेल. अडवलं आहे ते मागचे पैसे कापण्याला.

सरकारनेही यावर उतारा शोधला : हमीपत्र. वेतन आयोगाचा विकल्प देताना 'जादा रक्कम दिली गेल्याचं आढळल्यास परत करीन' असं छापील वाक्य सहीसाठी पुढे येतं. २०१६ च्या जगदेव सिंग प्रकरणात, तिथला कर्मचारी न्यायिक अधिकारी होता, न्यायालयाने अशा हमीपत्राला धरून वसुली ग्राह्य मानली. तेव्हापासून प्रत्येक वसुलीच्या प्रकरणात शासनाचा वकील हमीपत्राची झेरॉक्स जोडतो. दहा टक्के लोकांनी तरी ते वाक्य वाचून सही केली असेल का, शंका आहे. सही केली नाही तर नवीन वेतन लागत नाही, मग वाचून तरी काय करणार? दुसऱ्या बाजूला, २०२२ मध्ये केरळच्या एका शिक्षकाकडून निवृत्तीनंतर दहा वर्षांनी करू घातलेली वसुली सर्वोच्च न्यायालयाने रद्द केली. तेव्हा दार पुरतं बंद झालेलं नाही.

ग्रॅच्युइटी अडवण्याचं दुसरं कारण चौकशी. इथेही तारखा पाहा. महाराष्ट्र नागरी सेवा (निवृत्तिवेतन) नियम १९८२ मधला नियम २७ शासनाला पेन्शन रोखायचा किंवा कापायचा अधिकार देतो. पण सेवेत असताना चौकशी सुरू केली नसेल, तर निवृत्तीनंतर ती शासनाच्या मंजुरीनेच सुरू करता येते, आणि ती ज्या घटनेबद्दल आहे ती चार वर्षांहून जुनी असता कामा नये. चौकशी 'सुरू झाली' कधी? दोषारोपपत्र दिलं त्या दिवशी. आधी निलंबन झालं असेल तर निलंबनाच्या दिवशी. म्हणून निवृत्तीच्या आदल्या आठवड्यात, कधी अगदी शेवटच्या दिवशी संध्याकाळी, दोषारोपपत्र बजावण्याची धावपळ उडते. एकीकडे पेढे वाटणं चालू आणि दुसरीकडे शिपाई पोचपावतीची वही घेऊन उभा. त्यानंतर नियम १३० प्रमाणे तात्पुरती पेन्शन सुरू राहते, आणि ग्रॅच्युइटी चौकशी संपेपर्यंत थांबते.

झारखंडातल्या एका पशुसंवर्धन अधिकाऱ्याचं प्रकरण याच्या उलट गेलं. फौजदारी खटले चालू आहेत म्हणून त्याच्या पेन्शनीचा काही भाग, ग्रॅच्युइटी आणि रजेचे पैसे अडवले होते. २०१३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने विचारलं, कोणत्या नियमाखाली? तिथल्या पेन्शन नियमांत प्रकरण प्रलंबित असताना असं अडवायची तरतूद नव्हती. होत्या त्या फक्त प्रशासकीय सूचना. पेन्शन ही मालमत्ता आहे, आणि अनुच्छेद ३००-अ प्रमाणे कायद्याच्या आधाराशिवाय कोणाची मालमत्ता हिरावता येत नाही. परिपत्रक म्हणजे कायदा नव्हे. हा निकाल हातात घेऊन महाराष्ट्रातले पुष्कळ जण कोर्टाच्या पायऱ्या चढतात आणि निराश होतात, कारण आपल्याकडे नियम आहेच.

जिथे चौकशी नाही, वसुली नाही, नुसतीच दिरंगाई आहे, तिथे व्याज मिळतं. १९८४ साली केरळच्या पद्मनाभन नायर प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने पेन्शन आणि ग्रॅच्युइटी ही सरकारची मेहेरबानी नव्हे असं सांगत उशिराच्या प्रदानावर व्याजाची जबाबदारी सरकारवर टाकली. तिथे दोन वर्षांहून अधिक उशीर झाला होता, आणि अडलं होतं काय, तर अंतिम वेतन प्रमाणपत्र! आपल्या नियमांतही १२९-अ आहे : प्रशासकीय चुकीमुळे ग्रॅच्युइटीला तीन महिन्यांपेक्षा जास्त उशीर झाला तर भविष्य निर्वाह निधीच्या दराने व्याज. अडचण एवढीच की चूक प्रशासनाची होती हे प्रशासनानेच मान्य करायचं असतं. ना देय प्रमाणपत्र, ना चौकशी प्रमाणपत्र, मधल्या एका वर्षाची सेवा पडताळणी राहिलेली, महालेखापालांच्या कार्यालयाने आक्षेप घेऊन परत पाठवलेला प्रस्ताव. या साखळीत कडी कोणाची तुटली हे कोणी सांगत नाही.

'पेन्शन ही मेहेरबानी नव्हे' हे वाक्य आज पेन्शनरांच्या प्रत्येक मेळाव्यात ऐकू येतं. त्याची मुळं दोन निकालांत आहेत. १९७१ च्या देवकीनंदन प्रसाद खटल्यात न्यायालयाने पेन्शनला मालमत्ता म्हटलं. आणि १७ डिसेंबर १९८२ ला सरन्यायाधीश यशवंतराव चंद्रचूड यांच्या पाच न्यायमूर्तींच्या पीठाने नकारा खटला निकाली काढला, निकालपत्र न्या. डी. ए. देसाई यांनी लिहिलं. डी. एस. नकारा संरक्षण मंत्रालयातून १९७२ मध्ये निवृत्त झालेले अधिकारी. केंद्राने पेन्शनीचं सूत्र उदार केलं, पण ३१ मार्च १९७९ ला किंवा त्यानंतर निवृत्त होणाऱ्यांसाठीच. आदल्या दिवशी गेलेला गरीब का, असा तो प्रश्न होता. न्यायालयाने ती तारीखच छाटली. पेन्शनर ही एकच जमात आहे, तिचे तारखेच्या सुरीने दोन तुकडे करायला काही सयुक्तिक आधार हवा. १७ डिसेंबर हा दिवस देशभर पेन्शनर दिन म्हणून पाळतात तो यामुळे.

पुढच्या निकालांनी मात्र नकाराला बरीच कुंपणं घातली. आहे त्या योजनेत लाभ वाढवताना भेद चालणार नाही, पण नवी योजना नव्या तारखेपासून आणता येते. म्हणूनच महाराष्ट्रात १ नोव्हेंबर २००५ ची भिंत उभी राहिली. त्या दिवशी किंवा नंतर रुजू झालेल्यांना जुनी पेन्शन नाही. मार्च २०२३ चा राज्यव्यापी संप याच भिंतीविरुद्ध होता. भिंतीला जागोजागी भगदाडंही पडत गेली. जाहिरात आधीची पण नेमणूक नंतरची, अशांना विकल्प मिळाला. नेमणूक आधीची, पण शाळेला शंभर टक्के अनुदान नंतर मिळालं, अशा शिक्षकांची लढाई मात्र फार लांबली.

तारखेच्या या खेळातला माझा आवडता खटला ३० जूनचा आहे. सहाव्या वेतन आयोगाने सगळ्यांची वेतनवाढ १ जुलैला आणली. मग ज्याने वर्षभर इमानाने काम केलं आणि जो ३० जूनला निवृत्त झाला, त्याची वेतनवाढ एका रात्रीने हुकली. १ जुलैला तो नोकरीत नाही, सबब वाढ नाही. चेन्नईतले सीमाशुल्क व अबकारी खात्यातले एक वरिष्ठ अधिकारी, पी. अय्यमपेरुमाळ, ३० जून २०१३ ला असेच निवृत्त झाले. त्यांचा मुद्दा साधा होता : वेतनवाढ मागच्या वर्षाच्या कामाची असते, पुढच्या दिवसाच्या हजेरीची नाही. मद्रास उच्च न्यायालयाने २०१७ मध्ये तो मानला. सरकार म्हणालं, हा एकट्यापुरता निकाल. मग देशभर ज्याने त्याने आपापला खटला केला. काही उच्च न्यायालयांनी दिलं, काहींनी नाकारलं. शेवटी ११ एप्रिल २०२३ ला, कर्नाटकच्या वीज पारेषण महामंडळातल्या कर्मचाऱ्यांच्या प्रकरणात, सर्वोच्च न्यायालयाने हा वाद मिटवला. तोही पुरता मिटला नाही. जे कधीच कोर्टात गेले नव्हते त्यांना वाढीव पेन्शन १ मे २०२३ पासून, असं नंतरच्या आदेशांनी ठरलं. एका दिवसाच्या वादाचा शेवटही एका तारखेतच झाला.

आणि ज्यांची जन्मतारीख गुरुजींनी १ जून टाकली होती? ते ३१ मेला गेले, अकरा महिने भरून. त्यांना या निकालाचा उपयोग नाही.

आता, जायचं कुठे. राज्य शासनाच्या कर्मचाऱ्यांसाठी महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण, म्हणजे 'मॅट', जुलै १९९१ पासून आहे. मुंबईत, आणि नागपूर व औरंगाबाद (आताचं छत्रपती संभाजीनगर) इथे खंडपीठं. केंद्राच्या नोकरांना केंद्रीय प्रशासकीय न्यायाधिकरण, म्हणजे 'कॅट'. जिल्हा परिषदेचा कर्मचारी मॅटकडे जाऊ शकत नाही, त्याला उच्च न्यायालय. खाजगी अनुदानित शाळेतल्या शिक्षकाला डावलून कनिष्ठाला मुख्याध्यापक केलं तर १९७७ च्या कायद्याखालचं शाळा न्यायाधिकरण. चुकीच्या दारावर दोन वर्षं घालवून मग खरं दार शोधणारे पुष्कळ भेटतात. १९९७ च्या चंद्रकुमार निकालानंतर न्यायाधिकरणाच्या निर्णयावर उच्च न्यायालयात दाद मागता येते, त्यामुळे मॅटमध्ये जिंकलेला खटला शासन वर नेतं आणि पेन्शनर पुन्हा वाट पाहतो.

मुदतीचं गणित बहुतेकांना महागात पडतं. अंतिम आदेशापासून एक वर्षात न्यायाधिकरणाकडे जायला हवं. निवेदन दिलं आणि उत्तरच आलं नाही, तर सहा महिने थांबायचं आणि त्यापुढच्या एका वर्षात जायचं. पण आपला स्वभाव असा की साहेबाला दुखवायला नको, अजून एक स्मरणपत्र देऊन पाहू. स्मरणपत्रांनी मुदत वाढत नाही. शिळ्या मागणीला दिलेलं ताजं उत्तरही तिला जिवंत करत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने २००८ च्या सी. जेकब प्रकरणात सांगितलं आहे. पेन्शनीला त्यातल्या त्यात सवलत आहे. चुकीची पेन्शन दर महिन्याला नव्याने चुकते, म्हणून ती केव्हाही मागता येते. फरक मात्र मागे जाऊन तीन वर्षांचाच. लष्करातल्या तरसेम सिंग प्रकरणात १९८३ साली उपजलेला हक्क १९९९ मध्ये मागितला होता; पेन्शन मिळाली, मधला फरक तीन वर्षांपुरता. बढतीला ही सवलत नाही. तुम्हाला वर आणायचं तर दुसरा कोणी खाली जातो, आणि त्याची घडी दहा वर्षांनी विस्कटायला न्यायालय तयार नसतं.

नागपूरकडचे एक निवृत्त नाझर मला म्हणाले होते, "साहेब, कोर्टात आम्ही हरलो नाही, आमचं सेवापुस्तक हरलं." नियमाप्रमाणे कार्यालयप्रमुखाने सेवापुस्तक दरवर्षी कर्मचाऱ्याला दाखवून त्याची सही घ्यायची असते. त्या रकान्यात सह्या भरलेल्या असतात. वर्षावर्षाच्या, पण एकाच शाईच्या, एकाच बैठकीतल्या. पहिल्या पानावर जन्मतारीख अंकांत आणि अक्षरांत लिहिलेली असते. पुष्कळांच्या पानावर ती १ जून असते. ती बदलून घ्यायची तर नोकरीला लागल्यापासून पाच वर्षांच्या आत अर्ज करावा लागतो.